शनिवारची ड्युटी

२४ ऑक्टोबर

पाडव्याच्या मुहूर्तावर 'हायवे अड्डा' सुरू झाला. कॅफे सागरचा, जागा माझी. नोकरीत असताना बीबी गावच्या फाट्यावरचा हा प्लॉट घेतला तेव्हा आमच्या सौ. पुष्पाबाईंनी मला चार माणसांत वेड्यात काढलं होतं. परवा रिबीन कापायला त्याच सगळ्यांत पुढे.

सागर पुण्याच्या हॉटेलातली नोकरी सोडून घरी आला. का सोडली, हे त्याने नीट सांगितलं नाही आणि मी खोदून विचारलं नाही. पोरगं डोळ्यांसमोर आहे यातच मी खूश. भागीदार कामरान, म्हणजे आमच्या कय्यूमभाईचा मुलगा. एसटीत कय्यूमभाई ड्रायव्हर, मी कंडक्टर. एका गाडीवर आम्ही अर्धी नोकरी काढली. गल्ल्यापाशी उभा राहून तो म्हणाला, "निवृत्तीभाऊ, आता गाडी पोट्टे चालवतीन. आपुन दोघं प्याशिंजर." पोट धरून हसलो.

पुढे चहा, कॉफी, मॅगी, सँडविच. मागच्या खोलीत मात्र हुक्का. ते मला आधी पटेना. सागरने समजावलं की हा हर्बल आहे, यात तंबाखू नाही, नुसता फळांचा आणि पुदिन्याचा वास. डब्यावर तसं छापलेलंही दाखवलं. तरी मन थाऱ्यावर नाही. हुक्का आपल्यात कुठे असतो? हे खूळ कामरानच्याच डोक्यातून निघालं असणार.

२७ ऑक्टोबर

कागद नसलेली गोष्ट मला झोपू देत नाही. आयुष्यभर तिकीट फाडल्याचा परिणाम. आज कोणाला न सांगता ठाण्यात गेलो. हर्बल हुक्क्याला रीतसर परवानगी मिळावी, असा अर्ज सुवाच्य अक्षरात लिहून नेला होता.

फौजदार नवीन आहेत, संजीवनी वानखडे मॅडम. माझ्या सागरपेक्षा चार-पाच वर्षांनी मोठ्या असतील. अर्ज दोनदा वाचून त्यांनी मला बसायला सांगितलं. म्हणाल्या, "काका, याची परवानगी पोलीस देत नाहीत. हुक्का पार्लरवर राज्यात बंदीच आहे. आम्हाला अधिकार आहे तो आत शिरायचा, झडती घ्यायचा, सामान जप्त करायचा."

मी म्हटलं, पण तंबाखू नसलीच तर? त्यांनी सांगितलं की हर्बल म्हणणारे सगळेच असतात. नमुना प्रयोगशाळेत गेला की खरं-खोटं कळतं. त्यापेक्षा ती खोली बंद करून चहा विका, तुमच्याच भल्याचं सांगते. जागा कोणाच्या नावावर आहे, तेवढं विचारलं. मी ऐटीत सांगितलं, माझ्या.

घरी येऊन हिला सांगितलं तर म्हणाली, तुम्हाला घरात स्वस्थ बसवत नाही का. आपल्याकडे चोरीचं काही नाही तर भ्यायचं कशाला, असं मी म्हणालो. पण रात्रीचं जेवण गेलं नाही.

६ नोव्हेंबर

धंदा बरा आहे. समृद्धी महामार्ग झाल्यापासून या रस्त्यावरचे ट्रक कमी झाले, ढाबे ओस पडले. आमच्याकडे मात्र दुपारपासून मोटरसायकली उभ्या असतात. बहुतेक कॉलेजची पोरं. चहा कमीच पितात, सरळ पडदा सारून मागे जातात.

मी आज मागे डोकावलो. कामरान शेगडीपाशी, चिमट्याने करवंटीचे कोळसे उलटेपालटे करत होता. चेहरा लाल. हुक्क्याची चिलीम भरायचं काम सागर स्वतः करतो, आतल्या फळीमागे, कोणाला हात लावू देत नाही. पुण्याच्या हॉटेलात शिकून आल्यामुळे त्याला स्वच्छतेचं फार. माल आणायलाही संभाजीनगरला स्वतःच जातो. कामरानने नुसते कोळसे फुंकायचे आणि भागीदारी बरोबरीची. आमचा सागर भोळा, काय करणार.

१९ नोव्हेंबर

आज एक वाईट गोष्ट झाली. मागच्या खोलीतून एक पोरगा भेलकांडत बाहेर आला आणि पायरीवरच ओकला. मिसरूड नुकतं फुटलेलं. कामरानने त्याला लिंबूपाणी पाजलं, तोंड धुतलं आणि स्वतःच्या गाडीवर बसवून गावात सोडून आला.

परतल्यावर तो आणि सागर फळीमागे दबक्या आवाजात भांडले. कामरानचं एवढंच ऐकू आलं, "अशानं एक दिवस आपुन दोघंय जाऊ." मी आत गेलो तर दोघे गप्प. सागरची मान खाली होती, कामरान माझ्याकडे बघत होता. त्या पोराला काय पाजलं असेल याने? आणि वर माझ्या मुलाला धमकावतो. कय्यूमभाईचा मुलगा नसता तर तिथेच हाताला धरून बाहेर काढला असता.

४ डिसेंबर

काल हिच्या बहिणीकडे बुलढाण्याला गेलो होतो, सागरलाही ओढून नेलं. दुपारपर्यंत ठीक होता. मग पाय हलवत बसला, मावशीशी धड बोलेना, ताट अर्धं टाकून उठला. चार वाजता म्हणतो निघू या. हात थरथरत होते त्याचे. धंद्यात एवढा जीव गुंतवू नये, असं मी गाडीत समजावलं. खेकसला माझ्यावर.

ही म्हणाली, "मले याचं लक्षण ठीक नाई दिसत. त्याले विचारा तं एकदा." मी म्हटलं, विचारायचं काय, त्या संगतीने पोरगं पोखरून निघालंय. कपड्यांनासुद्धा कामरानसारखाच वास यायला लागला आहे.

१६ डिसेंबर

कामरान आज घरी आला, सागर नसताना. हिने चहा दिला. बराच वेळ कप हातात फिरवत बसला. शेवटी म्हणाला, काका, तुम्ही दुपारी मागच्या खोलीतच बसत जा ना, तुम्ही असले की सागर नीट वागतो. मी विचारलं, नाहीतर काय करतो? तर म्हणे काही नाही, असंच.

गोड बोलून सागरबद्दल माझं मन कलुषित करायला आला होता, दुसरं काय. मी त्याला स्पष्ट सांगितलं की माझा मुलगा मला माहीत आहे, तू तुझं बघ. उठून गेला. अर्धा चहा तसाच.

तेव्हापासून घरात फेऱ्या मारतोय. बसलो की उठावंसं वाटतं, उठलो की कुठे जाऊ कळत नाही.

२८ डिसेंबर

सापडला. सकाळी कॅफेत लवकर गेलो तर कामरान मागच्या नाल्याकडे जाताना दिसला, हातात पिशवी. पिशवी काठावर उलटी केली, पायाने माती लोटली आणि इकडेतिकडे बघत परत आला. तो गेल्यावर मी उतरलो. चिकट, तपकिरी गोळे होते. नाकाशी नेले. वरून सफरचंदाचा वास, खाली तंबाखू. आमच्या गाडीत निम्मे लोक तंबाखू मळायचे, तो वास मी विसरेन का?

म्हणजे हा हर्बलमध्ये तंबाखू कालवतो आणि उरलेला माल गाडून पुरावा नाहीसा करतो. सागरच्या पाठीमागे. आणि जागा माझी, कॅफे सागरचा. अंगाचा तिळपापड झाला. सागरला सांगावं असं वाटलं, पण तो लगेच कामरानला विचारणार आणि कामरान त्याला गुंडाळणार. आता काहीतरी पक्कं करायला हवं.

२ जानेवारी

ठाण्यात जाऊन आलो. मॅडमना सगळं सांगितलं: तंबाखू कालवतात, कालवणारा कामरान, कोळशाजवळ तोच असतो. त्यांनी शांतपणे ऐकलं. मग विचारलं, "आणि तुमचा मुलगा काय करतो तिथे?" मी म्हणालो, त्याला यातलं काही ठाऊक नाही. त्यांनी हातातलं पेन खाली ठेवलं.

मी म्हटलं, छापा घालायचा तर शनिवारी, दहा तारखेला घाला. त्यावर त्या म्हणाल्या की कधी यायचं ते आम्ही ठरवू, आणि जो समोर सापडेल त्याच्यावर कारवाई होईल, माणूस निवडून देता येणार नाही. मी बरं म्हणालो. पण त्यांनी दिवस मनात ठेवला, हे मला समजलं.

दहा तारीख का, तर त्या दिवशी हिवरा आश्रमात विवेकानंद जन्मोत्सवाचा महाप्रसाद असतो. मी दरवर्षी वाढपाच्या सेवेला जातो. यंदा सागरला घेऊन जाणार. एसटीत लाईन चेकिंगची जीप यायची, तिकीट तपासणारे गाडीत चढायचे, तेव्हा पैशांची पिशवी ज्याच्या खांद्यावर, तोच जबाबदार. आपला माणूस त्या वेळी गाडीत नसला की झालं. दुकान त्या दिवशी कामरानच्या खांद्यावर असेल.

एवढं ठरल्यावर बरं वाटायला हवं होतं. वाटलं नाही. वाटेत कय्यूमभाई भेटला, पेरू घेऊन चालला होता, दोन मला दिले. खाल्ले नाहीत, हिच्या हातात दिले.

८ जानेवारी

सागर यायला तयार नव्हता. दिवसभर तिथे काय करू म्हणतो. मी आवाज चढवला, मग हिच्याकडून गळ घातली. शेवटी कबूल झाला. मी सेवेकऱ्यांच्या जीपने पहाटे निघणार, तो दुपारी मोटरसायकलने येणार. शनिवारी कॅफे कामरान बघेल, हे मी परवाच दोघांकडून वदवून घेतलं. कामरान म्हणाला, "हाव काका, काई काळजी करू नका."

त्याने असं म्हणायला नको होतं. त्यानंतर मला दोन दिवस काही गोड लागलेलं नाही. पण मी काही चुकीचं करत नाही. करणाऱ्याने करताना विचार करायला हवा होता.

११ जानेवारी, रविवार

कालचं सगळं लिहून काढतो.

काल दुपारी आश्रमाच्या मैदानात पंगती बसल्या. नजर पोचेल तिथवर माणसं. ट्रॅक्टरच्या ट्रॉल्यांत पुऱ्या आणि वांग्याची भाजी, आम्ही बादल्या भरून पळत होतो. माझ्या शेजारची जागा मी सागरसाठी धरून ठेवली होती. या वेळी तिकडे पोलिसांची जीप लागली असेल, हे सारखं मनात येत होतं. खरं सांगायचं तर सुटल्यासारखं वाटत होतं. एका म्हातारीला मी हसून दोनदा भाजी वाढली.

मग कोणीतरी माझ्या हातातली बादली घेतली. डोक्याला रुमाल बांधलेला कामरान.

"सागर नाई आला, काका. त्याच्या जागी मी आलो. ड्युटी बदलली आमी."

 ड्युटी बदलणं मला नवीन नाही. जन्मभर तेच केलं. सणावाराला, लग्नकार्याला एकाने दुसऱ्याची गाडी घ्यायची, डेपोत कोणाला विचारावंही लागायचं नाही. आमच्या पोरांनी हे घरातच पाहिलेलं. आणि माझ्या डोक्यात एकदाही आलं नाही.

मी विचारलं, तो का नाही आला? कामरानने भाजी वाढत वाढत सांगितलं, "त्याचं इथी दिवसभर निभत नाई, काका. तुमाले तं माहीत असंन." मी म्हटलं, काय माहीत असेल? त्याने माझ्याकडे पाहिलं आणि बादली खाली ठेवली.

सागरला फोन लावला. वाजत राहिला. पुन्हा लावला. मग मी कामरानला म्हणालो, मला आत्ताच्या आत्ता घरी ने.

त्याच्या मोटरसायकलवर मेहकर मागे टाकलं. सुलतानपूरच्या अलीकडे त्यानेच सुरुवात केली. सागरला हे पुण्यातच लागलं. तिथली नोकरी त्यापायीच गेली. हर्बल ओढून त्याचं भागेना म्हणून तो तंबाखूचा माल आणून कालवू लागला. मग गिऱ्हाइकांनाही तोच आवडू लागला. कामरानने एकदा सगळा माल नाल्यात फेकला तर सागर त्याच्या अंगावर धावून गेला. "तुमाले सांगाले आल्तो मी," तो म्हणाला, "पण तुमी ऐकाच्या मनात नव्हते." मी मागे बसून त्याच्या पाठीकडे बघत होतो. ही सगळी माझ्या डोळ्यांदेखतची गोष्ट, आणि मी तिच्यात माणसंच उलटी बसवली.

फाट्यावर पोचलो तेव्हा जीप निघायच्या बेतात होती. हुक्क्याची भांडी, नळ्या, डबे, सगळं पंचांसमोर सील करून झालेलं. सागर मधल्या सीटवर. मला बघून त्याने तोंड फिरवलं. वानखडे मॅडम खाली उतरल्या आणि जागामालक म्हणून तुमचाही जबाब लागेल, असं म्हणाल्या. मी जे सांगून गेलो होतो, त्यातलं त्यांनी एक अक्षर काढलं नाही.

आज सुट्टीचा दिवस, तरी सागरला न्यायाधीशांपुढे उभं केलं. जामीन मंजूर झाला, पण जामीनदार हवा होता. जागेच्या भानगडीत माझंच नाव, माझा जामीन चालतो की नाही याचा वकील विचार करत होता, तेवढ्यात कय्यूमभाई आला. शेताचा सातबारा खिशात घेऊनच. मी त्याला बोलावलंही नव्हतं.

१२ जानेवारी

सागर अंथरुणात पडून आहे. घाम येतो, उलट्या होतात. ही उशाशी बसून आहे. माझ्याशी बोलत नाही. त्याला विचारा असं मी म्हणाले होते, एवढंच एकदा म्हणाली.

दुपारी सागर उठून बसला आणि म्हणाला की टीप कामराननेच दिली. छापा पडणार हे त्याला आधीच माहीत होतं म्हणून तो हसत हसत आश्रमात गेला. आता त्याचं तोंड बघायचं नाही.

मी ऐकत होतो. मी नुसता गप्प बसलो तरी पुरेसं होतं. कामरान आमच्या घरापासून तुटेल, सागर माझाच राहील, मॅडम बोलणार नाहीत. हा विचार मनात आला हे इथे लिहितो, कारण तो आला आणि बराच वेळ राहिला. संध्याकाळी फाट्यापर्यंत चालत गेलो, कुलूप बघून परत आलो. पुन्हा गेलो.

१४ जानेवारी, संक्रांत

सकाळी कय्यूमभाई आणि कामरान आले. हिने तिळगूळ दिला. सागरने हात पुढे केला नाही. भिंतीकडे तोंड करून म्हणाला, ज्याने पकडून दिलं त्याच्या हातचं पाणी नको. कय्यूमभाईला काही कळेना. कामरान म्हणाला, "मी काऊन पकडून देईन बे तुले? मले काय भेटनार होतं?"

"मग कोनं सांगतलं?"

कामरान काही बोलणार, तेवढ्यात मी म्हणालो, मी सांगितलं. ठाण्यात मी गेलो होतो.

 मला वाटलं होतं, सागर अंगावर येईल. तो हळूच म्हणाला, "बाबा, मले तं तुमी आश्रमात बलावलं होतं." एवढ्यावर तो थांबला. त्याला समजलं. आणि त्याच्याआधी कामरानला समजलं.

मी कबूल करून मोकळा होणार होतो. कामरानवरचा आळ जाईल, आपलं ओझं उतरेल, एवढाच माझा हिशेब. मी काय कबूल करतोय, हे त्या पोराचा चेहरा बघितला तेव्हा मला कळलं.

त्याने आवाज चढवला नाही. "काका, मले नेलं असतं तं तुमी आले असते ठान्यात?"

हो म्हणायला तोंड उघडलं. कय्यूमभाई माझ्याकडे बघत होता. शनिवारी दुपारी कामरानला नेलं असेल असं समजून मी हसत भाजी वाढत होतो, त्याच्यासाठी कोण धावेल हे मनाला शिवलंसुद्धा नव्हतं. ज्या माणसाने मला एवढी वर्षं सुखरूप घरी आणून सोडलं, त्याच्यासमोर खोटं बोलवेना.

"नाही," मी म्हणालो.

कामरान उठला, हिला नमस्कार केला आणि बाहेर गेला. कय्यूमभाई दारात थांबला. मला वाटलं जामीन काढून घेतो म्हणेल, आणि म्हणाला असता तर मला बरं वाटलं असतं. तो म्हणाला, "सागरचा जामीन तसाच राहीन, निवृत्तीभाऊ. लेकरू आहे ते." तिळगूळ त्याने तोंडात टाकलेला नव्हता, मुठीतच होता. तो तसाच घेऊन गेला.

२२ जानेवारी

सागरला अकोल्याच्या डॉक्टरांकडे नेतो आहोत, व्यसन सोडवण्याच्या औषधासाठी. आज पहिल्यांदा पोळी खाल्ली त्याने. म्हणाला, कामरानला फोन केला होता, तो सागरशी नीट बोलला. माझ्याबद्दल काही विचारलं का, असं मी विचारणार होतो. विचारलं नाही.

कोर्टाची तारीख पुढच्या महिन्यात आहे. जामीनदार म्हणून कय्यूमभाई येणार, कबूल केलेलं तो मोडत नाही. कोर्टाच्या वऱ्हांड्यात बसायला एकच बाक आहे. त्याच्या शेजारी बसायचं की उभं राहायचं, याचाच विचार मी सकाळपासून करतो आहे.